वाचकांचे प्रश्न : थरथरणाऱ्या यंत्रावरील लॉक नट लावावेत कसे, काढावेत कसे

गेल्या दोन महिन्यांत लॉक नटांविषयी बरीच पत्रे आली. त्यांतील सहा प्रश्नांची उत्तरे येथे देत आहे. पहिल्या उत्तराचा विस्तार थोडा अधिक झाला आहे, कारण पुढील उत्तरांतील बऱ्याच गोष्टी त्यावर आधारलेल्या आहेत.

प्रश्न : माझ्या रोटाव्हेटरच्या पात्यांचे नट दर दोन-तीन दिवसांनी सैल होत असत, म्हणून या हंगामात स्प्रिंग वॉशर काढून सगळीकडे नायलॉक नट बसवले. आता नट गळून पडत नाहीत. परंतु पाती हलतात आणि फ्लँजची भोके लांबट झाली आहेत. नट सुटलेला नसताना पाते सैल कसे होते? – एक शेतकरी वाचक, शिरूर

उत्तर : या विषयाचे मर्म आपल्या शेवटच्या वाक्यात आले आहे. नायलॉक नट म्हणजे वरच्या टोकात नायलॉनची कडी बसवलेला लॉक नट. तो बोल्टवरून पडत नाही, एवढीच हमी ती कडी देते. पाते फ्लँजला, म्हणजे ज्या चकतीवर ते बोल्टने बसवतात तिला, घट्ट धरून ठेवण्याचे काम ती करत नाही. ते काम बोल्टमधील ताणाचे आहे. नट आवळला की बोल्ट अत्यंत थोडा, पण खरोखरच लांबतो, आणि ताणलेल्या स्प्रिंगप्रमाणे मूळ लांबीवर येण्यासाठी तो पाते व फ्लँज एकमेकांवर दाबून धरतो. हा दाब पुरेसा असेल तर पाते तसूभरही सरकत नाही. तो कमी पडला की पाते भोकात मागेपुढे सरकू लागते, आणि खरी हानी तेथून सुरू होते.

नट सुटतो तो या आडव्या सरकण्यामुळे. जर्मन अभियंता गेरहार्ड युंकर यांनी 1969 मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रयोगांतून ही गोष्ट स्पष्ट झाली. बोल्टच्या लांबीच्या दिशेने बसणाऱ्या धक्क्यांपेक्षा जोडातील भाग आडवे सरकल्याने नट कितीतरी लवकर सुटतो, असे त्यांनी दाखवले. उताराच्या फळीवर धान्याचे पोते ठेवले तर घर्षणामुळे ते जागीच राहते. पण तीच फळी आडवी हलवत राहिल्यास पोते हळूहळू उताराकडे उतरू लागते. बोल्टचे आटे म्हणजे दांड्याभोवती गुंडाळलेला उतारच असतो, त्यामुळे जोड आडवा सरकला की नट त्या उतारावरून सुटण्याच्या दिशेने घसरतो. आपल्या नायलॉक नटाने ही घसरण मध्येच थांबवली. पण तोवर ताण गेला होता, म्हणून नट जागेवर दिसूनही पाते खेळू लागले.

आता हा ताण गेला कसा, ते पाहू. पाते आणि फ्लँज मिळून जाडी 20 मिलिमीटर आहे असे धरू. 8.8 दर्जाचा (हा आकडा बोल्टची ताकद सांगतो) बोल्ट योग्य प्रकारे आवळल्यावर एवढ्या लांबीत तो जेमतेम पाच शतांश मिलिमीटर लांबतो. पाते व फ्लँज यांच्यामध्ये रंगाचा थर, गंजाची खपली किंवा वाळलेली माती राहिली आणि काम सुरू झाल्यावर ती चेपून दोन-तीन शतांश मिलिमीटर जागा झाली, तर नट जराही न फिरता बोल्टमधील निम्मा ताण नाहीसा होतो. लांब बोल्टवर एवढ्या चेपण्याचा परिणाम थोडा असतो. आखूड बोल्टवर तो फार मोठा असतो, आणि पात्यांचे बोल्ट आखूडच असतात. म्हणून नवीन पाते बसवण्याआधी फ्लँज व पाते जेथे टेकतात, तेवढ्या भागावरील रंग तारेच्या ब्रशने खरवडून काढावा, आणि पहिल्या तासाभराच्या कामानंतर यंत्र थांबवून सर्व नट पुन्हा एकदा आवळावेत. हे दुसऱ्यांदा आवळणे बहुतेकांकडून राहून जाते. माझ्या मते नटाच्या प्रकारापेक्षा त्याचे महत्त्व अधिक आहे.

दुसरे कारण टॉर्कच्या, म्हणजे पान्याने नटाला दिलेल्या पिळाच्या, हिशेबात आहे. पान्यावर आपण जो जोर लावतो, त्याचा साधारण दहावा भागच बोल्ट ताणण्याच्या कामी येतो. बाकीचा नटाच्या टेकणाऱ्या बाजूखालील आणि आट्यांमधील घर्षणात खर्च होतो. नायलॉक नटात त्यात कडीच्या विरोधाची भर पडते. नट अजून टेकलेलाही नसताना पाना जड लागतो, आणि हाताच्या अंदाजाने काम करणाऱ्यास नट आवळला गेल्याचा भास होतो. आपल्या बाबतीत असेच घडले असावे, असा माझा कयास आहे. यावर सोपा उपाय आहे. नट कडीतून फिरू लागला, पण टेकलेला नाही, अशा वेळी पान्यावर बोल्टच्या मध्यापासून 25 सेंटिमीटर अंतरावर ताणकाटा अडकवून काटकोनात ओढावे. काटा 4 किलो दाखवत असेल, तर कडीचा विरोध सुमारे 10 न्यूटन-मीटर आहे. 12 मिलिमीटरच्या 8.8 दर्जाच्या बोल्टला साधारण 80 न्यूटन-मीटर टॉर्क लागतो; तेव्हा टॉर्क रेंच 90 वर लावावा. यंत्राच्या पुस्तिकेत नायलॉक नट धरूनच आकडा दिला असेल, तर मात्र वेगळी भर घालू नये.

स्प्रिंग वॉशर काढल्याची खंत बाळगू नये. 8.8 दर्जाचा बोल्ट नीट आवळला की तो वॉशर पूर्ण आवळीच्या बऱ्याच आधी चपटा होतो, आणि त्यानंतर साध्या वॉशरपेक्षा त्याचा फारसा उपयोग उरत नाही. त्यासाठीचे डीआयएन 127 हे जर्मन मानक मागे घेण्यात आले आहे.

लांबट झालेल्या भोकांवर मात्र कोणताही नट उपाय ठरणार नाही. तो फ्लँज दुरुस्त करून घ्यावा किंवा बदलावा. पात्यांना हात लावण्यापूर्वी ट्रॅक्टर बंद करून चावी काढून घ्यावी आणि रोटाव्हेटर भक्कम लाकडी ठोकळ्यांवर टेकवावा; हायड्रॉलिकच्या भरवशावर उचललेल्या यंत्राखाली कधीही हात घालू नये.

प्रश्न : काढलेला नायलॉक नट पुन्हा वापरावा की नाही? आमच्या गॅरेजमध्ये यावरून नेहमी वाद होतो. – एक वाचक, इचलकरंजी

उत्तर : कडीच्या भोकाचा व्यास बोल्टच्या बाहेरील व्यासापेक्षा कमी असतो आणि तिला आटे पाडलेले नसतात. बोल्ट तिच्यात शिरताना स्वतःची वाट दाबून तयार करतो. प्रत्येक वेळी काढल्या-घातल्याने ती वाट रुंदावते आणि विरोध घटतो. आयएसओ 2320 या मानकातील चाचणीत एकच नट पाच वेळा लावून-काढून तपासला जातो. म्हणजे एकदा काढलेला नट लगेच निकामी झाला असे नाही. मात्र चाचणीतील बोल्ट स्वच्छ असतात, आपल्याकडचे मातीने व गंजाने भरलेले असतात.

नट बोल्टवर चढवून कडीपर्यंत नुसत्या बोटांनी फिरवावा. कडी लागल्यावर बोटांनी फिरणे थांबले पाहिजे. कडीतूनही तो बोटांनी आरपार फिरत असेल, तर तो आता साधा नट झाला असे समजून बाजूला काढावा. विमानांच्या देखभालीतही हीच कसोटी लावतात. ब्रेक, स्टिअरिंग, झोपाळ्याची साखळी अशा ठिकाणी, जेथे नट सुटल्यास माणसाला इजा होऊ शकते, तेथे मात्र या कसोटीवरही अवलंबून न राहता दर वेळी नवा नटच लावावा. त्याची किंमत किती थोडी असते!

याच संदर्भात लावण्याच्या चार गोष्टी सांगतो. कडीची बाजू बाहेर ठेवावी. बोल्ट कडीला टेकेपर्यंत पाना लावू नये. त्याआधीच पान्याची गरज भासत असेल तर आटे तिरके बसले आहेत किंवा माप जुळलेले नाही, हे ओळखून थांबावे. नट आवळल्यावर कडीच्या पलीकडे बोल्टचे निदान दोन आटे दिसले पाहिजेत, नाहीतर कडीने बोल्ट धरलेलाच नसतो. आणि हॅकसॉने कापलेल्या बोल्टचे टोक कानशीने उतरते करून घ्यावे, कारण कापताना राहिलेली धार नायलॉनचे सालपट काढते.

प्रश्न : डिझेल जनरेटरच्या एक्झॉस्टला लावलेले नायलॉक नट महिनाभरात सैल झाले. नट नवे होते. – एक वाचक, लातूर

उत्तर : नायलॉनची कडी सुमारे 120 अंश सेल्सियसपर्यंतच भरवशाची असते, आणि एक्झॉस्टचा धातू त्याच्या कितीतरी पुढे तापतो. कडी आता मऊ होऊन किंवा जळून गेलेली असेल. तेथे पूर्ण धातूचा लॉक नट लावावा. त्याच्या वरच्या भागातील आटे कारखान्यातच किंचित दाबून लंबगोल किंवा शंकूच्या आकाराचे केलेले असतात, आणि तीच दाबलेली जागा बोल्टला पकडते. हा नट लावताना बोल्टच्या आट्यांना उष्णता सोसणारे ग्रीस लावावे. कोरडा लावल्यास तो बोल्टचे आटे ओरबाडतो.

प्रश्न : होडीच्या आउटबोर्ड इंजिनाच्या ब्रॅकेटसाठी स्टेनलेस स्टीलचे नायलॉक नट आणले. बॅटरीवरच्या इम्पॅक्ट रेंचने लावताना एक नट अर्ध्यावरच अडकला. तेल सोडून दोन दिवस झाले, तरी तो पुढेही जात नाही आणि मागेही येत नाही. – एक वाचक, मालवण

उत्तर : हा गंज नव्हे, त्यामुळे तेलाने तो सुटणार नाही. स्टेनलेस स्टीलला गंजापासून वाचवणारा क्रोमियम ऑक्साइडचा अतिशय पातळ थर त्याच्या पृष्ठभागावर असतो. नट वेगाने व दाबाखाली फिरला की आट्यांवरील हा थर घासून निघतो, उघडा धातू उघड्या धातूला भिडतो आणि दोन्ही भाग जागोजागी एकमेकांत रुतून जवळजवळ वेल्ड होतात. नायलॉक नटात ही शक्यता वाढते, कारण कडीच्या विरोधामुळे नट टेकण्याच्या आधीपासूनच आट्यांमध्ये उष्णता निर्माण होऊ लागते. इम्पॅक्ट रेंचने त्यात भर घातली.

अशा नटावर एकदाच, लांब पान्याने, अगदी हळू मागे फिरवण्याचा प्रयत्न करावा. विरोध वाढत असल्याचे जाणवताच थांबावे, कारण आणखी जोर लावल्यास बोल्ट पिळवटून तुटेल आणि तुटकी मुळी ब्रॅकेटमध्ये राहील. त्यानंतर नट कापणे हाच मार्ग उरतो. आपल्याकडे पेट्रोलचे इंजिन आहे, म्हणून ग्राइंडर चालवून ठिणग्या पाडू नयेत. नटाच्या समोरासमोरील दोन सपाट बाजूंवर बोल्टच्या लांबीला समांतर असे हॅकसॉने काप द्यावेत, आट्यांपर्यंत पोहोचण्याच्या जरा आधी थांबावे, आणि कापात छिन्नी ठेवून हातोडीच्या हलक्या ठोक्याने नट फोडावा. नट फोडण्याचे स्क्रूचे हत्यार मिळाले तर काम अधिक सोपे होते. बोल्टही बदलावाच लागेल; त्याचे आटे आता विश्वासाचे राहिलेले नाहीत.

नवीन जोडणी करताना आटे ब्रशने स्वच्छ करून त्यांवर निकेल किंवा मॉलिब्डेनमयुक्त अँटी-सीझ (आटे अडकू न देणारी) पेस्ट लावावी आणि नट हाताच्या पान्याने सावकाश फिरवावा. हाताला नट गरम लागू लागला तर थोडा वेळ थांबावे. पेस्टमुळे घर्षण कमी होते, म्हणजे तेवढ्याच टॉर्कने बोल्ट अधिक ताणला जातो. तेव्हा कोरड्या आट्यांसाठी दिलेला आकडा जसाच्या तसा वापरू नये, पेस्टच्या उत्पादकाने सुचवल्याप्रमाणे तो कमी करावा. खाऱ्या पाण्यासाठी डोक्यावर ए4 असा छाप असलेले बोल्ट घ्यावेत. ए2 जातीत मॉलिब्डेनम नसते आणि समुद्रावर तिच्यावर लवकर डाग पडतात.

प्रश्न : आयटीआयमध्ये सर सांगतात की एका बोल्टवर दोन नट एकमेकांवर आवळण्याच्या डबल नट पद्धतीत पातळ नट खाली आणि जाड नट वर असावा. कारखान्यातील फिटर मात्र नेमके उलटे लावतात. बरोबर कोण? शिवाय मळणी यंत्राचे गंजलेले लॉक नट काढताना बोल्टच सोबत गरगर फिरतो, त्याला काय करावे? – एक विद्यार्थी वाचक, अकोला

उत्तर : आपले सर बरोबर आहेत. वरचा नट खालच्या नटावर आवळला की तो बोल्टला स्वतःकडे ओढून घेतो आणि जोडाचा जवळजवळ सर्व भार वरच्या नटाच्या आट्यांवर येतो. खालचा नट त्याच वेळी खाली दाबला जातो, त्याचे आटे बोल्टच्या आट्यांच्या दुसऱ्या अंगाला टेकतात, आणि या परस्परविरोधी दाबामुळेच दोन्ही नट अडकून बसतात. भार ज्याच्यावर येतो तो जाड असावा, हे उघड आहे. पातळ नट (यालाच चेक नट म्हणतात) वर दिसतो म्हणजे तो कुलपासारखा बसवला आहे, या समजुतीतून उलटी पद्धत रूढ झाली असावी.

क्रमापेक्षाही कृती महत्त्वाची आहे. पातळ नट प्रथम पूर्ण टॉर्कच्या पाव ते निम्म्या जोराने आवळावा. मग पातळ तोंडाच्या पान्याने तो जागेवर धरून जाड नट पूर्ण टॉर्कने आवळावा. खालचा नट धरला नाही तर दोन्ही एकत्र फिरतात आणि कुलूप लागतच नाही. काढताना खालचा नट धरून आधी वरचा सोडवावा. 10 मे 2002 रोजी लंडनच्या उत्तरेस पॉटर्स बार येथे एक प्रवासी रेल्वेगाडी रूळ बदलण्याच्या सांध्यावर घसरली आणि सात जणांचा मृत्यू झाला. त्या सांध्याच्या दांड्यांवरील नट सुटलेले आढळले. कार्यशाळेत दोन नट एकमेकांवर आवळताना विद्यार्थ्यांनी ही घटना लक्षात ठेवावी, असे मला मनापासून वाटते.

आता बोल्ट फिरण्याविषयी. मळणी यंत्राच्या पत्र्यावर अनेकदा गोल डोक्याचे बोल्ट असतात, ज्यांच्या डोक्याखालील चौकोनी मान पत्र्याच्या चौकोनी भोकात बसते. भोक झिजले की मान फिरते. साधा नट एकदा सैल झाल्यावर बोटांनी निघतो, म्हणून तेथे हे फारसे अडत नाही. लॉक नट मात्र शेवटच्या आट्यापर्यंत विरोध करतो, त्यामुळे बोल्ट तेवढा वेळ धरून ठेवावा लागतो. नटाच्या बाहेर आलेल्या टोकावर हॅकसॉने आडवी खाच पाडून ती मोठ्या स्क्रूड्रायव्हरने धरावी, किंवा डोक्याच्या कडेखाली लोखंडी पाचर ठोकून मान भोकात दाबून धरावी. टोक वाइस ग्रिपने धरल्यास आटे बिघडतात आणि मग नट त्यांवरून बाहेर येत नाही, म्हणून तो मार्ग केवळ नट कापायचाच असेल तेव्हा घ्यावा.

काढण्यापूर्वी बाहेर दिसणारे आटे तारेच्या ब्रशने नीट स्वच्छ करावेत. या आट्यांवर साचलेला रंग व गंज नट बाहेर येताना कडीत भरतो, आणि निम्मे नट तेथेच अडकतात. गंज सोडवणारे तेल टाकून रात्रभर थांबावे. सकाळी नट आधी किंचित आवळण्याच्या दिशेने हलवावा, म्हणजे गंजाची पकड तुटते, आणि मग सोडवावा. सहा कोनांचा सॉकेट वापरावा. बारा कोनांचा सॉकेट झिजलेल्या नटाचे कोपरे गोल करतो. ज्योतीने तापवणे मळणी यंत्राजवळ टाळलेलेच बरे, कारण भुसा कोपऱ्याकोपऱ्यांत साचलेला असतो. इतरत्र तापवावे लागले तर उघड्यावर तापवावे. नायलॉनचा धूर आणि जस्ताचा मुलामा दिलेल्या नटातून निघणारी वाफ, दोन्ही घातक आहेत. लाल रंगाच्या थ्रेडलॉकर द्रवाने चिकटवलेला नट मात्र सुमारे 250 अंशांपर्यंत तापवल्याशिवाय सहसा निघत नाही, आणि तो गरम असतानाच फिरवावा लागतो.

प्रश्न : आमच्या खडी क्रशरच्या चाळणीसाठी एका विक्रेत्याने जपानी पद्धतीचे दोन भागांचे लॉक नट सुचवले आहेत. ते घेण्यासारखे आहेत का? – एक वाचक, पुणे जिल्हा

उत्तर : या नटामागची कल्पना आपल्या वाचकांना लगेच उमगेल, कारण ती कुदळीच्या दांड्यात ठोकलेल्या पाचरीची आहे. जपानी उद्योजक कात्सुहिको वाकाबायाशी यांना ओसाका येथील सुमियोशी मंदिराच्या लाकडी तोरणद्वारातील सांध्यात बसवलेली पाचर पाहून ती सुचली, आणि 1974 मध्ये त्यांनी हे नट बनवणारी हार्डलॉक ही कंपनी स्थापन केली. जपानच्या शिंकान्सेन या वेगवान रेल्वेत हे नट वापरले जातात. खालच्या नटाच्या माथ्यावर एक उंचवटा असतो आणि त्याचे केंद्र बोल्टच्या केंद्रापासून किंचित बाजूला सरकवलेले असते. वरच्या नटात त्या उंचवट्यासाठी खोलगट जागा असते, पण ती बरोबर मधोमध असते. वरचा नट आवळला की दोन्हींची केंद्रे जुळण्याचा प्रयत्न होतो, आणि उंचवटा बोल्टवर पाचरीसारखा आडवा दाबला जातो.

चाळणीवर सतत थरथर असते आणि जाळी बदलण्यासाठी नट वारंवार काढावे लागतात. नायलॉनची कडी अशा वापरात लवकर झिजते. या जोडीत झिजणारी कडीच नाही. म्हणून तेथे ते घेण्यास हरकत नाही, मात्र बोल्ट दोन नटांना पुरेल इतका लांब आहे का, ते आधी मोजावे. उंचवट्याचा नट खाली ठेवून तो प्रथम यंत्रासाठी ठरलेल्या पूर्ण टॉर्कने आवळावा, कारण जोड धरून ठेवण्याचे काम त्याचेच आहे, आणि मग वरचा नट उत्पादकाने दिलेल्या टॉर्कने आवळावा. चेक नटाच्या पद्धतीत खालचा नट कमी आवळतात. ती सवय येथे आणू नये. चाळणीच्या चौकटीवरील खडीची पूड पुसूनच नट बसवावेत. काढताना आधी वरचा नट सोडवावा, मग खालचा सहज फिरतो. काढलेल्या जोड्या तारेत ओवून एकत्र ठेवाव्यात, म्हणजे एका जोडीचा नट दुसरीत जाणार नाही.